करवल्या चार, पाठराखीण एक

अंबाजोगाई,
गुरुवार, रात्री साडेदहा

चि. बाळास अनेक आशीर्वाद.

तुझा व्हॉइस मेसेज दोनदा ऐकला. पहिल्यांदा कुकरच्या शिट्ट्यांत निम्मा गेला, म्हणून भात उतरवला आणि पुन्हा लावला. शेवटी तू विचारलंस, "बाई, ह्या चौघींना लग्नाला बोलवावं तरी का?" बोलवावं. गावभर पत्रिका वाटणार आणि शाळेतल्या मैत्रिणींना वगळणार, हे शोभत नाही. तो प्रश्न तिथंच मिटला.

राहिला ग्रुप. तू साड्यांचे फोटो टाकलेस, हळदीच्या नाचाचं गाणं टाकलंस, सरावाच्या तारखा टाकल्यास आणि पलीकडून कुणी धड हूं की चूं करेना. आपल्या गावात वाढलेल्या पोरीला ह्याचं नवल वाटू नये. योगेश्वरी देवीचं परळीच्या वैजनाथाशी लग्न ठरलं, वऱ्हाडाला उशीर झाला, कोंबडा आरवला आणि अख्खं वऱ्हाड दगडाचं झालं, असं हत्तीखाना लेण्यांतल्या दगडी हत्तींकडे बोट दाखवून मीच तुमच्या सहलीत सांगितलं होतं. तुझं वऱ्हाड मुहूर्ताला अडीच महिने असतानाच दगड झालंय, इतकंच.

आता कागद घे. मी घेतला होता. चौघींतली जी संभाजीनगरला खासगी दवाखान्यात नर्स आहे, तिच्या बाजूनं हिशेब मांडला. हळदीचा पिवळा ड्रेस १,५००. लग्नाची सगळ्यांसारखी नऊवारी २,८००. ब्लाउज, फॉल, शिलाई धरून १,२००. मेकअपवाली १,५००. दोनदा येणं-जाणं ६००, तेही २०२३ पासून एसटीत बायकांना अर्धं तिकीट आहे म्हणून. आहेर हजाराच्या खाली देणार नाही, ती मानी आहे. झाले ८,६००. शिवाय चार दिवसांची बिनपगारी रजा. तिच्या वडलांचं सोयाबीन यंदा पावसात भिजलं, हे तूच मला दिवाळीत सांगितलंस. त्या पोरीनं ग्रुपवर काय लिहावं? "मस्त आहे साडी" एवढंच ती लिहू शकली आणि तू म्हणतेस तिला उत्साह नाही.

आपल्याकडे करवलीची साडी बस्त्यात असते गं. तिचा मान असतो, तो आपण द्यायचा. जिला आपल्या मनासारखं नेसवायचं, तिचं लुगडं आपल्या पिशवीतून निघायचं, ही जुन्या बायांची साधी रीत. मोबाईलवरचे नाच बघून तुम्ही पोरींनी नाव तेच ठेवलंत आणि बिल करवलीच्या हातात दिलंत. चौघींच्या साड्या बस्त्यात बसत नसतील तर एकसारख्या नेसण्याचा हट्ट सोड. ज्याची त्याची बरी साडी नेसून येऊ दे. फोटोत चार रंग दिसले म्हणून संसार मोडल्याचं मी अजून ऐकलं नाही.

पुण्यात एमपीएससी करणारीचं तर काहीच नाही. तिची परीक्षा तुझ्या हळदीनंतर आठ दिवसांनी आहे. तिला अक्षता टाकायला ये म्हणावं, रात्रीच्या गाडीनं येईल आणि रात्रीच्या गाडीनं जाईल. नाचाचा विषय तिच्यापुढं काढू नकोस.

तिसरी, जी सगळ्याला नावं ठेवतेय. हॉल लांब आहे, पत्रिकेचा रंग बटबटीत, नवरदेव फोटोत थोराड दिसतो. हिच्याबद्दल सांगताना तुझा आवाज चिरकला. इथं मला माझं एक सांगावं लागेल. वर्गात कधी सांगितलं नाही.

माझं लग्न १९९१ च्या मे महिन्यात झालं. जिवाभावाची एक मैत्रीण होती, गल्लीतलीच. पाठराखीण तीच येणार, हे आमचं नववीत असताना ठरलेलं. लग्नाच्या सकाळी, माझ्या हातात चुडा भरून झालेला, कासारीण पैसे मोजतेय, तेवढ्यात तिचा धाकटा भाऊ मांडवाच्या दाराशी आला. पायात चप्पल नव्हती. आत न येताच म्हणाला, "ताईला ताप आलाय. ती येऊ नाही लागली." आणि पळाला. तिचं घर आमच्यापासून सहा घरं सोडून. मी आईला म्हटलं, ताप आला तर उभ्या उभ्या येऊन जाता येत नाही का? आई काही बोलली नाही. तिला माहीत होतं, हे मला फार उशिरा कळलं.

नऊ वर्षं मी तिच्याशी बोलले नाही. तिच्या लग्नाची पत्रिका आली, मी गेले नाही. तिला मुलगी झाली, बाळंतविडा पाठवला नाही. मग मार्गशीर्षात देवीच्या यात्रेत दर्शनाच्या रांगेत ती नेमकी माझ्या पुढं. तासभर रांग हलेना. पळून तरी कुठं जाणार? शेवटी तिनंच मागं न बघता सांगितलं, "तुझ्या सासरच्यांनी आधी मला पाह्यलं होतं. पोहे खाऊन गेले. पंधरा दिवसांनी कळवलं, मुलगी सावळी आहे." ताप खोटा नव्हता म्हणाली, खरंच अंग तापलं होतं.

घरी येऊन मी नवऱ्याला विचारलं. त्याला आठवत होतं. त्या रात्री मी जेवले नाही, आणि राग कुणाचा आला ते मला आजही नीट सांगता येणार नाही.

तुझ्या ह्या मैत्रिणीला गेली तीन वर्षं स्थळं येताहेत आणि परत जाताहेत. तिची आई मला बाजारात भेटते, मी विचारायचं टाळते. म्हणून तिचं टोचून बोलणं तू गिळावंस, असं मात्र मी म्हणणार नाही. नवरदेवाला थोराड म्हणाली तेव्हाच गप्प करायला हवं होतंस. पण ते ग्रुपवर नको. एखाद्या दुपारी, तिची आई झोपते तेव्हा, फोन कर. लग्नाचा एक शब्द न काढता आधी विचार, "तू कशी आहेस? काय चाललंय तुझं?" आणि मग सरळ सांग, "तू असं बोललीस की मला लागतं. तुला यायला जड जात असेल तर हळदीला नको येऊस, मी रागावणार नाही. पण बोलायचं ते मला बोल, चारचौघींत नको." ती फोन आपटेल किंवा रडेल. दोन्ही चालेल.

आणि एक विचारते, राग आला तरी चालेल. मागच्या वर्षी हिचा साखरपुडा मोडला तेव्हा तू किती वेळा गेलीस तिच्याकडं? मला आठवतं तसं एकदा, आणि तेही येताना दळण घेऊन आलीस.

चौथी जी, तुझ्या ग्रुपवरचं बोलणं स्क्रीनशॉट काढून तुझ्या होणाऱ्या नणंदेला पाठवणारी. तिच्याबद्दल मी कारणं शोधत बसणार नाही. काही माणसांना कळ लावायला आवडतं, त्यामागं दुःख असतंच असं नाही. तिला पत्रिका दे, जेवायला वाढ, हातात काम देऊ नकोस. दागिन्यांच्या खोलीत तर नकोच. नणंदेला तू स्वतः आज फोन कर आणि काय लिहिलं होतंस ते पूर्ण वाचून दाखव. अर्धवट गोष्ट सासरी तुझ्या आधी पोचू देऊ नये.

कामं कुणाला द्यायची? तुझ्या दोन्ही चुलत बहिणी आणि थोरली वहिनी. त्यांचा नाच बेताचाच, पण रुखवत मांडायला, सेफ्टी पिना सांभाळायला आणि नऊवारीत तुला मोरीपर्यंत न्यायला त्याच लागतील. वैशाखात बेचाळीस डिग्रीत मांडवात बसल्यावर पाण्याचा तांब्या कोण आणतं ते बघ.

पाठराखीण मात्र नीट ठरव. माझ्या वेळी ऐनवेळी मावशीची अकरा वर्षांची पोर बसवली होती गाडीत. सासरी पहिल्या रात्री अनोळखी घर, अनोळखी भिंती, आणि ही माझ्या अंगावर पाय टाकून घोरतेय. तिला काही कळत नव्हतं, पण त्या पायाच्या ओझ्यानं मला झोप लागली. तुला वाटतं ती नर्स येईल. मलाही वाटतं. दोन दिवसांची रजा मिळेल का ते तिलाच विचार, आणि साडीचं विचारू नकोस. ती साडी मी घेणार आहे.

रविवारी लातूरला बस्त्याला जाताना वाटेत माझ्याकडं थांबा. आईला म्हणावं सकाळचं काही करू नका, धपाटे करून ठेवते. दही तुमच्याकडचं आणा, आमच्या गवळ्यानं पुन्हा पाणी घालायला सुरुवात केलीय.

तुझी,
बाई