करारभंगाचा दावा: मुदत आणि दुरुस्ती

करारभंगाच्या दाव्याची मुदत आणि दाखल दाव्यातील दुरुस्ती यांविषयी त्याच त्या शंका वारंवार येत असल्याने काही प्रश्नांची उत्तरे येथे एकत्र देत आहे.

वकिलामार्फत नोटीस पाठवली की दाव्याची मुदत वाढते, हे खरे आहे का?

नाही. करारभंगाच्या भरपाईसाठी भंगाच्या तारखेपासून तीन वर्षे असतात आणि खाजगी पक्षाला दिलेल्या नोटिशीने त्यांत एका दिवसाचीही भर पडत नाही.

शेवटचा दिवस न्यायालयाच्या सुटीत येतो. काय करावे?

न्यायालय पुन्हा उघडेल त्याच दिवशी दावा दाखल करावा.

शेतजमिनीचे साठेखत (पुढे विक्री करून देण्याचा करार) 2017 मध्ये झाले; खरेदीखताची तारीख ठरली नव्हती. मालकाने 2019 मध्ये लेखी नकार दिला आणि मी 2021 मध्ये करारपूर्तीचा दावा लावला. आता माझी सरतपासणी (माझ्याच बाजूने नोंदवलेली माझी साक्ष) झाली आहे. नुकसानभरपाई व विसार (आगाऊ दिलेली रक्कम) परतीची मागणी राहून गेली. दावा केव्हाही दुरुस्त करता येतो असे सगळे सांगतात.

सांगणाऱ्यांचे अर्धेच खरे आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 6, नियम 17 ला 2002 पासून परंतुक (मर्यादा घालणारी अट) जोडलेले आहे, त्यानुसार सुनावणी सुरू झाल्यावर, योग्य दक्षता घेऊनही ती बाब आधी मांडता आली नसती अशी न्यायालयाची खात्री पटवावी लागते. आणि सरतपासणीचे शपथपत्र दाखल झाले की सुनावणी सुरू झाली, असे सर्वोच्च न्यायालयाने 2008 मध्ये सांगितले आहे. तुमचे सुदैव एवढेच, की विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाची (स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्टची) कलमे 21 व 22 करारपूर्तीच्या दाव्यात भरपाई, ताबा आणि विसार परतीची मागणी कोणत्याही टप्प्यावर जोडू देतात. मुंबईतील 1986 च्या अशाच एका दाव्यात तीन दशकांनंतर मागितलेली भरपाईची दुरुस्ती सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये कायम ठेवली. पण हा निकाल दाखवून मालाच्या किमतीच्या किंवा कंत्राटाच्या दाव्यात मुदतबाह्य झालेली नवी मागणी घुसवता येईल, असे कोणी समजू नये. तिथे एरवी नकारच मिळतो. मला खरी काळजी याच्या आधीच्या टप्प्याची वाटते. मालक 'पुढच्या महिन्यात करून देतो' म्हणत राहतो, खरेदीदार थांबतो आणि तिसऱ्या वर्षाच्या शेवटच्या आठवड्यात साठेखताची झेरॉक्स व दोन पावत्या घेऊन वकिलाकडे येतो. त्या घाईत लिहिलेल्या दाव्यात मागण्या राहतातच, आणि उशीर माफ करणारे मुदत अधिनियमाचे कलम 5 दाव्यांना लागूच होत नाही. दुरुस्तीचा अर्ज तुमच्या वकिलांशी बोलून येत्या तारखेलाच द्यावा.

पुरवठादाराच्या बिलामागे 'तीन महिन्यांत दावा न केल्यास सर्व हक्क संपतील' असे छापले आहे. आम्ही हरलो का?

नाही. ग्राहकाला घाबरवून गप्प बसवण्याची ही जुनी युक्ती आहे. बँक हमीसारखे अपवाद सोडता, कायद्याने दिलेली मुदत कमी करणारी किंवा ती संपण्याआधीच हक्क बुडवणारी अट भारतीय करार अधिनियमाच्या कलम 28 नुसार निरर्थक ठरते. मात्र माल सदोष असल्याची तक्रार कधी करायची, याविषयीची अट वेगळी असू शकते. म्हणून बिल दोन्ही बाजूंनी वकिलाला दाखवावे.

दुरुस्ती अर्ज मंजूर झाला, पण दाव्यात प्रत्यक्ष दुरुस्ती करायची राहिली.

आदेशात वेगळी मुदत नसेल तर ती 14 दिवसांची असते. आजच मुदतवाढ मागा.

देणेकऱ्याने फोनवर थकबाकी कबूल केली आहे. आता नव्याने तीन वर्षे मिळतील ना?

तोंडी कबुलीने मिळत नाहीत. कबुली लेखी हवी, तिच्यावर देणेकऱ्याची किंवा त्याने अधिकार दिलेल्या व्यक्तीची सही हवी, आणि ती मूळ मुदत संपण्यापूर्वीची हवी. मुदत उलटून गेली असेल तर नुसती कबुली पुरत नाही; रक्कम फेडण्याचे लेखी व सहीचे वचन असेल तरच करार अधिनियमाच्या कलम 25 चा आधार घेता येतो. तुमची मुदत कोणत्या तारखेला संपते, हे सर्व कागद दाखवून याच आठवड्यात वकिलाकडून तपासून घ्या.