डायप्रोटोडॉन म्हणजे नेमकं काय?

प्रश्न: मुलीच्या पुस्तकात डायप्रोटोडॉन नामशेष झाला असं आहे आणि दुसरीकडे वाचलं की कांगारू डायप्रोटोडॉन्ट आहे. मग खरं काय?

उत्तर: दोन्ही खरंय, फक्त शेवटचं अक्षर नीट बघा, सगळा घोळ तिथेच होतो. शब्द ग्रीक आहे, डाय म्हणजे दोन, प्रोटो म्हणजे पहिला किंवा पुढचा, ओडॉन म्हणजे दात, थोडक्यात 'पुढे दोन दात असलेला'. ऑस्ट्रेलियात न्यू साऊथ वेल्समधल्या वेलिंग्टन गुहांमध्ये हाडं सापडली, ती इंग्लंडला रिचर्ड ओवेन या प्राणिशास्त्रज्ञाकडे गेली आणि त्याने १८३८ मध्ये हे नाव दिलं. हा प्राणी दिसायला अवाढव्य वॉम्बॅटसारखा (वॉम्बॅट म्हणजे ऑस्ट्रेलियातला बिळात राहणारा बुटका, गुबगुबीत प्राणी), वजन साधारण २७०० किलो, म्हणजे पोटाला पिशवी असणाऱ्या म्हणजे शिशुधान प्राण्यांमधला आजवर माहीत असलेला सगळ्यात मोठा, आणि तरी खायचा फक्त झाडपाला! मला तर हा प्राणी फार आवडतो.

आता वापर. डायप्रोटोडॉन हे त्या एकाच नामशेष प्रजातीचं, म्हणजे जीनसचं नाव. डायप्रोटोडॉन्टिड म्हणजे त्याचं अख्खं कुटुंब, तेही नामशेष. आणि डायप्रोटोडॉन्ट म्हणजे खालच्या जबड्यात पुढे आलेले दोन मोठे दात असणाऱ्या प्राण्यांचा सगळा गण, म्हणजे कुटुंबाहूनही मोठा गट, त्यात कांगारू, कोआला, वॉम्बॅट येतात आणि ते आजही आहेत. त्यामुळे कांगारूला डायप्रोटोडॉन्ट म्हणा, बरोबरच आहे, पण डायप्रोटोडॉन म्हणू नका.