'आस्ट्रिड' म्हणजे तारा नव्हे

स्वीडनमध्ये राहणाऱ्या एका मराठी कुटुंबाचा प्रश्न आला आहे. मुलीसाठी आस्ट्रिड, सिग्रिड, लिव्ह आणि सोलवेग ही नावं त्यांच्या मनात आहेत. नावांच्या याद्यांत आस्ट्रिडचा अर्थ कुठे 'तारा' दिलाय, कुठे 'दैवी सौंदर्य'. खरा कोणता? आणि या नावांचं संस्कृतशी काही नातं आहे का?

'तारा' हा अर्थ सरळ चूक आहे. ग्रीकमधल्या 'आस्टेर'शी उच्चार जुळतो म्हणून कुणीतरी तो चिकटवला आणि पुढच्यांनी उतरवून घेतला. 'दैवी सौंदर्य' हे बरंच जवळ जातं, पण तेही समजून घ्यावं लागेल.

या नावांची फोड आजच्या स्पेलिंगवरून करू नये, जुन्या नॉर्स भाषेतल्या (वायकिंगांच्या काळची उत्तरेकडची भाषा) रूपावरून करावी. आस्ट्रिडचं जुनं रूप 'आस्त्रीद्र' असं काहीसं होतं. त्यात दोन घटक आहेत : 'आस' म्हणजे देव (ओडिन, थोर वगैरे देवांचं कुळ) आणि 'फ्रीद्र' म्हणजे सुंदर, प्रिय. आस + फ्रीद्र जोडलं की मधला फ गळतो आणि स-र शेजारी येतात. जर्मानिक भाषांना (इंग्रजी, जर्मन, स्वीडिश वगैरेंचं कुळ) हा स-र चा शेजार नको असतो, त्या मध्ये त घालतात. आपल्या 'स्रवणे'मधला 'स्रु' तिकडे 'स्ट्रीम' झाला, तोही असाच. म्हणजे आस्ट्रिडमधला ट मूळचा नाहीच, उच्चाराच्या सोयीसाठी आलेला आहे. आणि 'तारा'वाल्यांची सगळी भिस्त त्याच ट वर आहे! सिग्रिडमध्ये (सिग् + फ्रीद्र, विजय + सुंदर) आणि इंग्रिडमध्येही (इंग् हे फ्रेय देवाचं दुसरं नाव) असाच फ गळलाय, पण तिथे त ची गरज पडली नाही.

हे नाव पुस्तकातलं नाही, दगडावरचं आहे. स्टॉकहोमच्या उत्तरेला तेब्यू भागात ब्रोब्यू इथे अकराव्या शतकातले रून (तिथली जुनी लिपी) शिलालेख आहेत. त्यांतल्या एकावर आस्ट्रिडने आपला नवरा ओस्टेन याच्या स्मरणार्थ दगड उभारल्याचं कोरलंय. तो जेरुसलेमच्या वाटेला गेला आणि ग्रीकांच्या देशात वारला. जुन्या स्वीडिशमध्ये आणि डॅनिशमध्ये या नावाचं रूप 'एस्ट्रिड' होतं. १०४७ मध्ये डेन्मार्कच्या गादीवर आलेला राजा स्वेन 'एस्ट्रिडसेन' म्हणूनच ओळखला जातो. त्याने बापाचं नव्हे, आईचं नाव लावलं, कारण गादीवरचा हक्क आईकडून होता. ती डेन्मार्क आणि इंग्लंडवर राज्य केलेल्या क्नूट राजाची बहीण.

आता 'दैवी सौंदर्य'बद्दल. यादी करणारे लोक दोन घटकांचा समास सोडवून दाखवतात : हा षष्ठी तत्पुरुष, तो कर्मधारय. इथेच खरी गफलत होते. 'गुनहिल्ड' हे नाव घ्या. 'गुन' म्हणजे युद्ध आणि 'हिल्ड' म्हणजेही युद्ध. याचा विग्रह काय करणार? आणि हेच घटक उलटे लावून 'हिल्डिगुन' हेही नाव आहे. थोरस्टेन आहे तसा स्टेनथोरही आहे. थोरकेल म्हणजे थोर देव + 'केटिल', म्हणजे काइल किंवा हंडा. आईबाप पोराला 'थोरचा हंडा' म्हणत नव्हते. घराण्यात चालत आलेल्या घटकांपैकी एखादा मुलाच्या नावात यावा, मेलेल्या नातलगाचं नाव पुढे चालावं, हा मुख्य हेतू होता. एगिलच्या सागेत (सागा म्हणजे आइसलँडमधल्या जुन्या गद्यकथा) हे स्वच्छ दिसतं. एगिलचा बाप स्काल्लाग्रिम; त्याच्या दुसऱ्या मुलाचं नाव थोरोल्फ, कारण थोरोल्फ नावाचा काका मारला गेला होता. पुढे एगिलची मुलं थोरस्टेन आणि थोरगेर्ड. एका मुलीचं नाव बेरा, म्हणजे थेट आजीचं. आजोबांचं नाव नातवाला ठेवणाऱ्या आपल्या घरांना हे वेगळं समजवायला नको.

म्हणून अर्थ सांगताना 'देव + सुंदर' असे घटक द्यावेत आणि तिथे थांबावं. त्यापुढचं वाक्य सांगणाऱ्याच्या पदरचं असतं. दुसरा घटक मात्र एक काम नेमकं करतो : नाव बाईचं की पुरुषाचं हे तो ठरवतो. -रिड, -हिल्ड, -गेर्ड, -बोर्ग, -वेग, -रून, -डिस बायकांचे. -स्टेन, -ब्यर्न, -गेर, -उल्फ, -वाल्ड, -मुंड पुरुषांचे.

संस्कृतशी नातं आहे, पण ते उसनवारीचं नाही. दोन्ही भाषांचं मूळ एक आहे, म्हणून शब्द भावंडं निघतात. 'फ्रीद्र' आणि आपला 'प्रीत', 'प्रिय' एकाच धातूचे. 'सिग्' म्हणजे विजय, त्याचं वैदिक भावंड 'सहस्' म्हणजे बळ. 'गुन' हा 'हन्' धातूच्या घरातला. उल्फ म्हणजे लांडगा. जुनं रूप 'उल्फ्र', आणि ते आपल्या 'वृकः'शी थेट जुळतं. शेवटचा र म्हणजे तिथला प्रथमेचा प्रत्यय, आपल्याकडे तोच विसर्ग झाला. ब्यर्न म्हणजे अस्वल, मुळात 'तपकिरी'. आपला 'बभ्रु' त्याच रंगाचा. अस्वलाचा मूळ शब्द 'ऋक्ष' मात्र उत्तरेकडे नाहीसा झाला. 'थोर' वाचून मराठी माणसाला हमखास 'थोर मोठे' आठवतात. तो संबंध नाही. देवाच्या नावाचा अर्थ मेघगर्जना, आणि त्याचं भावंड 'स्तनयित्नु', म्हणजे गडगडणारा ढग. जोड शोधताना आवाजावर जायचं नाही, ध्वनिबदलाचे नियम लागतात का ते पाहायचं.

लिव्हला दोन अर्थ आहेत आणि दोन्ही खरे आहेत. जुनं नाव 'ह्लीफ', म्हणजे संरक्षण. पुढे सुरुवातीचा ह गळला आणि उरलेलं रूप 'लिव्ह' म्हणजे 'जीवन' या शब्दात मिसळून गेलं. आज हे नाव ठेवणाऱ्यांच्या मनात 'जीवन'च असतं. तेव्हा व्युत्पत्ती संरक्षणाची, चालू अर्थ जीवनाचा. सोलवेगमधला 'वेग' म्हणजे बळ असं नावांच्या कोशांत दिलेलं असतं. आपल्या वेगाशी त्याला जोडू नका. 'सोल' कुणी 'घर, दालन' या शब्दाकडे नेतात, कुणी सूर्याकडे.

तिकडची सगळीच लोकप्रिय नावं वायकिंगांची नाहीत, हेही लक्षात असू द्या. लार्स म्हणजे लॉरेन्टिअस, नील्स म्हणजे निकोलस, बेंग्ट म्हणजे बेनेडिक्टस, स्योरेन म्हणजे सेवेरिनस, कारिन म्हणजे कॅथरिन. ही ख्रिस्ती संतांबरोबर आली. माग्नुस तर लॅटिन विशेषण, 'महान'. नॉर्वेचा राजा ओलाफ झोपलेला असताना सिग्वात कवीने त्याच्या नवजात मुलाला ते नाव दिलं, सम्राट शार्लमेनच्या 'कारोलुस माग्नुस' या नावावरून, असं सागांत सांगितलंय. उलट नुसतं 'थोर' किंवा 'फ्रेया' हे 'अस्सल वायकिंग नाव' म्हणून मिरवतात, पण त्या काळी देवाचं नाव जसंच्या तसं माणसाला सहसा ठेवत नसत.

उच्चाराचं आधी ठरवा. स्वीडनमध्ये आस्त्रिद, सिग्रिद असे शेवटच्या द सह उच्चार ऐकू येतील; नॉर्वेत तो द मुका, म्हणून आस्त्री, सिग्री, इङ्री. सोलवेगचा ग दोन्हीकडे उच्चारत नाहीत, साधारण 'सूल्वेय' होतं. आइसलँडमध्ये आस्ट्रिडचं रूप 'आउस्त्रीदुर'.

नाव स्वीडनच्या कर-कार्यालयाला जन्मापासून तीन महिन्यांत कळवावं लागतं. आपल्या पद्धतीने वडिलांचं नाव मध्ये घालायचं असेल, तर १ जुलै २०१७ पासून तिथे नवं 'मधलं नाव' घेता येत नाही. ते घालायचंच झालं तर पहिल्या नावांपैकी एक म्हणून घालावं लागेल, आणि मग हाकेचं नाव कोणतं, हे अर्जात वेगळं नोंदवा.