पडण्याआधी चौकट ठरव

प्रिय मित्रा,

तुझी विनोदी पडण्याची क्लिप पाहिली. पडतोस झकास, पण हसू येत नाही. कारण ऐन पडताना तू क्लोजअपला कट मारलास. माणूस कुठून कुठे पडला हेच दिसलं नाही, तर हसायचं कशाला?

मूकपटांतला विनोदी नट-दिग्दर्शक बस्टर कीटन, त्याची १९२० सालची ‘वन वीक’ बघ, मागाहून जोडलेलं संगीत बंद करून. त्यात नवराबायकोचं घर रुळांवर अडकून बसतं. आगगाडी येते, दोघं बाजूला होतात, आणि गाडी शेजारच्या रुळावरून निघून जाते. त्यांचा जीव भांड्यात पडतो, तोच उलट दिशेने दुसरी गाडी येऊन घराचा चुराडा करते. कॅमेरा लांब आहे म्हणून गाडी कोणत्या रुळावर आहे ते आपल्यालाही कळत नाही. दोन गाड्यांमधली फट मात्र घड्याळ लावून मोज. ती कमी पडली तर प्रेक्षक सैलावत नाही, आणि लांबली तर तो दुसरी गाडी शोधू लागतो. त्याच चित्रपटात वादळात घर गरगरतं, तेही खरोखर फिरत्या चकतीवर बांधलेलं होतं.

तेव्हाचे कॅमेरे हाताने फिरवायचे. ते हळू फिरवून चित्रण करत आणि पडद्यावर जास्त वेगाने दाखवत. तू सेकंदाला २० फ्रेम्सनी (म्हणजे २० स्थिर चित्रांनी) शूट कर आणि २४ नी दाखव. एवढी चपळाई पुरते. १६ च्या खाली गेलास की माणसाची किल्लीची बाहुली होते. वेग एडिटवर ढकलू नकोस, फ्रेम्स गाळल्या जाऊन हिसके बसतात.

पडायचा सराव जाड गादीवर, आणि शेजारी कुणीतरी हवंच. हनुवटी छातीला, श्वास सोडत, गुडघे वाकवून आधी बूड, मग गोल केलेली पाठ. हात ताठ करून मागे टेकलास तर मनगट गेलंच म्हणून समज. हात अंगापासून थोडे दूर ठेवून पूर्ण तळव्यानिशी आपट. कीटन लहानपणापासून व्होडव्हिलच्या, म्हणजे नाच-गाणी-विनोदाच्या मिश्र खेळांच्या, रंगमंचावर आपटत आला होता, त्याच्या उड्यांची नक्कल नको. त्याचा कोरा चेहरा मात्र जरूर उचल. पडण्याआधीच तू गालात हसतोस, तिथेच गंमत फुटते.

पुढचा शॉट विनाकट पाठव. चौकटीत डोक्यावर हातभर, बुटांखाली वीतभर जागा सोड. आगगाडीचं बजेट नाही म्हणून कुरकुरू नकोस. चॅप्लिनने १९१६ च्या ‘वन ए.एम.’मध्ये जवळजवळ सगळा चित्रपट एकट्याने, घरातल्या सामानाशी झुंजत काढलाय. भिंतीत दुमडून जाणारा पलंग तर त्याला झोपूच देत नाही. तुला एक नाठाळ घडीची खुर्ची पुरेल.