चौतिसाव्या वर्षी, कधीही बर्फ न पाहिलेल्या कोकणी माणसाला स्नोबोर्डिंग शिकता येईल का?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे: वय 34, राहणे गुहागरला, बर्फ आजवर फक्त पडद्यावर पाहिलेला. अशा माणसाने फेब्रुवारीत आठवडाभर गुलमर्गला जाऊन स्नोबोर्डिंग, म्हणजे दोन्ही पाय एकाच फळीवर (बोर्डवर) बांधून बर्फाच्या उतारावरून घसरत जाण्याचा खेळ, शिकावे का, हाडे मोडण्याची भीती कितपत खरी आहे, आणि बोर्ड इथूनच विकत घेऊन जावा का? शिकावे, असे माझे स्पष्ट मत आहे. भीती खरी आहे, पण बहुतेक जण ती भलत्याच अवयवासाठी बाळगतात. बोर्ड मात्र घेऊ नये. मी रत्नागिरीत 16 वर्षे फिजिओथेरपिस्ट म्हणून काम करते आणि दोन हिवाळे गुलमर्गला जाऊन हा खेळ शिकले आहे, त्यामुळे तुमच्या प्रश्नाच्या दोन्ही बाजू मला जवळून पाहायला मिळाल्या आहेत.

प्रथम मनगटाविषयी, कारण माझ्या मते तुमच्या प्रश्नाचे निम्मे उत्तर त्यातच आहे. आपल्याकडे आषाढ-श्रावणात जांभ्याच्या पाखाड्यांवर शेवाळ धरते. सकाळी दूध आणायला निघालेला माणूस दुसऱ्या-तिसऱ्या पायरीवर घसरतो आणि पडता पडता त्याचा हात, बोटे पसरून आणि तळवा खाली करून, आपोआप पुढे जातो. शरीराचा सगळा भार त्या एका तळव्यावर येतो आणि अंगठ्याच्या बाजूचे रेडियस हे हाड मनगटाच्या जरा वर मोडते. पावसाळ्यात प्लास्टर काढून माझ्याकडे व्यायामासाठी येणाऱ्या हातांपैकी बरेचसे असेच मोडलेले असतात. स्नोबोर्डिंगमध्ये, विशेषतः नवशिक्यांना, सर्वाधिक होणारी दुखापत नेमकी हीच आहे. लोक विचारतात पायाबद्दल, गुडघ्याबद्दल, कमरेबद्दल. मनगटाबद्दल आपण होऊन विचारलेले मी क्वचितच ऐकले आहे.

असे का होते, ते बोर्डच्या रचनेवरून कळते. स्कीइंगमध्ये दोन पायांना दोन स्वतंत्र पट्ट्या असतात, हातात काठ्या असतात, आणि पाय वेडावाकडा पिळला गेला तर बूट पट्टीतून सुटावा अशी बाइंडिंगची, म्हणजे बूट जखडून ठेवणाऱ्या पकडीची, योजना असते. तिथे मोठा धोका गुडघ्याच्या अस्थिबंधांना असतो. स्नोबोर्डवर दोन्ही पाय एकाच फळीवर आडवे बांधलेले असतात, बाइंडिंग आपोआप सुटत नाही आणि हातात काठी नसते. दोन्ही पाय एकत्रच फिरत असल्याने गुडघे बऱ्यापैकी वाचतात, पण तोल गेल्यावर एक पाऊल पुढे टाकून सावरण्याची सोयही राहत नाही. मग जे काही सावरायचे ते हातांनी.

त्यातच फळीच्या दोन्ही लांब कडांना पोलादी पट्टी असते. उतारावर आडवे घसरताना चढाच्या बाजूची कड बर्फात रोवलेली आणि उताराच्या बाजूची कड किंचित उचललेली ठेवावी लागते. क्षणभर जरी फळी सपाट झाली, तरी उताराच्या बाजूची कड बर्फात अडकते आणि माणूस कोणतीही पूर्वसूचना न मिळता उताराच्या दिशेने आपटतो. त्या वेळी तोंड उताराकडे असेल तर तळहात आणि गुडघे टेकतात. तोंड डोंगराकडे असेल तर माणूस पाठीवर पडतो आणि माकडहाड व डोक्याची मागची बाजू एकामागोमाग बर्फावर आदळते. हे दुसऱ्या प्रकारचे पडणे मी डोळ्यांनी पाहिले आहे आणि त्याचा आवाजही ऐकला आहे. तेव्हापासून हेल्मेटशिवाय बोर्डवर उभे राहणाऱ्या कोणाशीही मी त्याविषयी बोलल्याशिवाय राहत नाही.

मनगटासाठी उपाय आहे आणि तो स्वस्त आहे. तळहाताच्या बाजूने कडक पट्टी असलेले मनगट-रक्षक, म्हणजे रिस्ट गार्ड, हातमोज्याच्या आत किंवा वरून घालता येतात. नॉर्वेमध्ये 5029 स्नोबोर्डरांवर केलेला एक अभ्यास 2001 मध्ये प्रसिद्ध झाला. चिठ्ठ्या टाकून करावेत तसे त्यांचे दोन जवळपास सारखे गट केले होते. एका गटाला रक्षक दिले आणि दुसऱ्याला दिले नाहीत. रक्षक वापरणाऱ्या गटात मनगटाच्या 8 दुखापती झाल्या, तर दुसऱ्या गटात 29. पहिल्या वर्षी मी रक्षक नेले नव्हते. भाड्याच्या दुकानात मागितल्यावर जाड हातमोजे पुरेसे आहेत, असे मला सांगण्यात आले आणि मीही ते मान्य केले. तिसऱ्या दिवशी दुपारनंतर बर्फ घट्ट झाला होता आणि अंग दमले होते. त्या दिवशीची शेवटची फेरी म्हणून निघाले आणि उजव्या मनगटाला चीर गेली. प्लास्टर सहा आठवडे होते, पण नारळ खोवताना मनगट जसे वळावे लागते तसे ते वळायला आणखी तीन महिने लागले. दुसऱ्या वर्षी रक्षक घालून गेले, पहिल्याइतकीच पडले आणि दोन्ही हात शाबूत घेऊन परत आले.

पडायचे कसे, हे मात्र जाण्यापूर्वीच शिकून घ्यावे, आणि त्यासाठी तुमच्या गावासारखी जागा नाही. ओहोटीच्या वेळी गुहागरच्या किनाऱ्यावर ओल्या वाळूचा जो सपाट, घट्ट पट्टा उघडा पडतो, तिथे रोज पंधरा मिनिटे सराव करा. पुढे पडताना आधी गुडघे टेकावेत, मग मुठी मिटून कोपरापुढचा संपूर्ण हात एकाच वेळी वाळूवर यावा. उघडा तळवा एकटा कधीच टेकू नये. मागे पडताना आधी उकिडवे बसावे, हनुवटी छातीला लावावी, हात छातीवर घ्यावेत आणि बैठकीवरून पाठीवर लोळावे. पहिल्या आठ दिवसांत हात पुन्हा पुन्हा पसरतील, कारण ती जन्मजात सवय आहे. ती मोडायला तीन-चार आठवडे द्या. याच काळात भिंतीला टेकून खुर्चीसारखे बसण्याचा आणि घोट्यांच्या ताकदीचा व्यायाम करावा. बोर्डवर बहुतेक वेळ गुडघे वाकलेलेच असतात आणि दुपारपर्यंत मांड्या थरथरू लागतात. तुमचा कोणता पाय पुढे राहील हेही घरीच पाहता येते. कोणाला तरी मागून बेसावधपणे हलकेच ढकलायला सांगा; सावरण्यासाठी जो पाय आधी पुढे पडतो, तोच बहुधा बोर्डवर पुढे ठेवावा. डावा पुढे असेल तर त्याला रेग्युलर म्हणतात आणि उजवा असेल तर गूफी, आणि त्यांत चांगले-वाईट असे काही नाही.

आता बोर्डच्या खरेदीविषयी. आत लाकडाचा गाभा, त्यावर काचतंतूंचे थर, खाली मेण पिणारा प्लॅस्टिकचा तळ आणि कडेला पोलाद, अशी ही वस्तू असते. माझ्या एका परिचितांनी मोठ्या हौसेने बोर्ड घेतला आणि रत्नागिरीत मांडवी किनाऱ्याजवळच्या घरात माळ्यावर ठेवला. गणपतीत खाली काढला तेव्हा दोन्ही कडांवर तांबूस गंज चढला होता आणि बुटांच्या आतल्या अस्तराला बुरशी लागली होती. आपल्या खाऱ्या हवेत सायकलच्या तारा टिकत नाहीत, तिथे वर्षातून सात दिवस वापरायची पोलादी कड टिकण्याची अपेक्षा धरू नये. शिवाय नवशिक्याला लागतो तो मऊ, थोडा आखूड बोर्ड पुढच्याच हंगामात अपुरा वाटू लागतो. बोर्ड, बाइंडिंग आणि बूट गुलमर्गमध्ये भाड्याने मिळतात. बूट निवडताना घाई करू नका. उभे राहिल्यावर बोटे टोकाला नुसती लागावीत, आणि गुडघे वाकवल्यावर टाच अजिबात उचलली जाऊ नये. स्वतःचे म्हणून घ्यावे ते रक्षक, हेल्मेट, चांगला गॉगल आणि लोकरीचे मोजे. सुती कपडा अंगाला लागून घालू नका, तो घामाने भिजला की वाळत नाही. हे पावसाळ्यात शेतावर जाणाऱ्यांना मी सांगायला नको.

हा खेळ तरुण मुलांचाच आहे, असेही तुम्ही लिहिले आहे. त्याची सुरुवात मुलांसाठी झाली हे खरे. 1965 च्या नाताळात अमेरिकेतल्या मिशिगन राज्यात शर्मन पॉपेन यांनी आपल्या मुलींसाठी दोन स्की एकमेकींना जोडल्या आणि ‘स्नो’ (बर्फ) व ‘सर्फिंग’ या इंग्रजी शब्दांची सांधणी करून त्या खेळण्याला ‘स्नर्फर’ हे नाव पडले. पुढे त्याच्या टोकाला धरायला दोरी आली. लहानपणी पोफळीच्या विरीवर बसून ज्याला कोणी अंगणभर ओढले आहे, त्याला त्यातली गंमत वेगळी समजवावी लागत नाही. 1977 मध्ये जेक बर्टन कारपेंटर यांनी व्हरमाँटमध्ये बोर्ड बनवायला सुरुवात केली, पण स्की केंद्रे बोर्डवाल्यांना अनेक वर्षे उतारावर येऊ देत नव्हती. यूटामधले आल्टा आणि डिअर व्हॅली आजही देत नाहीत. 1998 मध्ये नागानो इथे हा खेळ ऑलिंपिकमध्ये आला. तिथली उंच उड्यांची दृश्ये पाहून हा खेळ आपल्या वयाचा नाही, असे वाटणे स्वाभाविक आहे. पण तुम्ही शिकणार आहात ते कडेवर घसरणे, थांबणे आणि वळणे, आणि त्याला 34 हे वय आडवे येत नाही. मी सुरुवात केली तेव्हा 38 वर्षांची होते.

शिक्षक मात्र हवाच. जखमी होणाऱ्यांमध्ये पहिल्या काही दिवसांतल्या शिकाऊ माणसांचा भरणा मोठा असतो, आणि मित्राने दाखवले तसे करून पाहणारे त्यात अधिक सापडतात. गुलमर्गला केंद्रीय पर्यटन मंत्रालयाची भारतीय स्कीइंग आणि गिर्यारोहण संस्था आहे, आणि खासगी प्रशिक्षकही आहेत. ठरवण्यापूर्वी तो स्कीचा नव्हे, तर बोर्डचा शिक्षक आहे ना, हे विचारून घ्या. शिकण्याचा पहिला दिवस एक पाय बांधून सपाटीवर ढकलत चालण्यात जाईल. दुसऱ्या दिवशी टाचेच्या कडेवर आडवे घसरणे येते, आणि मग ज्याला तिथे ‘फॉलिंग लीफ’ म्हणतात ते: आंब्याचे पान वाऱ्यावर डावीकडे-उजवीकडे झोके घेत खाली येते, तसे एकाच कडेवर राहून उतरायचे. हे जमले की तुम्ही कोणत्याही साध्या उतारावरून सुखरूप खाली येऊ शकता. दोन कडा जोडून वळणे घ्यायला मला पाच दिवस लागले. दुपारी तीननंतर, दमल्यावर, एक जादा फेरी मारू नका. माझे मनगट त्याच फेरीत गेले.

गुलमर्ग साधारण 2650 मीटर उंचीवर आहे आणि आपण समुद्रसपाटीवरून जातो. पोहोचल्यावर पहिला दिवस विश्रांतीला ठेवा आणि पाणी भरपूर प्या. तिथला गंडोला, म्हणजे रोपवे, दुसऱ्या टप्प्यात अफरवट डोंगराच्या खांद्यावर 3900 मीटरच्या पुढे नेतो. त्या उंचीवरून दिसणारा मोकळा, न तुडवलेला बर्फ फार मोहात पाडतो, पण तो नवशिक्यांसाठी नाही. 2023 आणि 2024 मध्ये गुलमर्ग परिसरात हिमस्खलनात परदेशी स्कीपटूंचे मृत्यू झाले आहेत. आखलेल्या उताराबाहेर जाणाऱ्याकडे बर्फाखाली गाडलेल्या माणसाला शोधून काढण्यासाठी शोधयंत्र, लांब सळई आणि फावडे असावे लागते, आणि ते वापरता येणारा सोबतीही लागतो. तुम्ही खालच्या कुरणातल्या उतारांवरच राहा. तिकिटे काढताना तारखा थोड्या मोकळ्या ठेवा, कारण अलीकडे बर्फ वेळेवर पडेलच असे राहिलेले नाही: 2024 च्या जानेवारीत गुलमर्ग बराच काळ कोरडे होते आणि 2025 च्या खेलो इंडिया हिवाळी खेळांचा गुलमर्गमधला टप्पा बर्फाअभावी फेब्रुवारीतून मार्चमध्ये ढकलावा लागला. प्रवास विम्यात साहसी खेळ धरलेले आहेत का, हेही कागदावर वाचून घ्या; अनेकदा ते वगळलेले असतात.

उन्हाची आपल्याला सवय आहे, या भरवशावर राहू नका. कोरडी वाळू अतिनील किरणांपैकी सुमारे 15 टक्के परावर्तित करते, तर ताजा बर्फ 80 टक्क्यांपर्यंत. गॉगल ढगाळ दिवशीही काढू नये, आणि हनुवटीखाली व नाकपुड्यांच्या खालच्या कडेलाही क्रीम लावावे, कारण ऊन तिथे खालून येते.

इतके करूनही हातावर पडलात आणि अंगठ्याच्या मुळाशी, अंगठा ताणल्यावर जो खळगा दिसतो तिथे, दाबल्यावर दुखत असेल, तर पहिला एक्स-रे स्वच्छ आला म्हणून निश्चिंत होऊ नका. तिथले स्कॅफॉइड हे लहान हाड मोडले तर ते पहिल्या एक्स-रेमध्ये कधी कधी दिसत नाही, आणि दुर्लक्ष झाल्यास ते न सांधण्याचा धोका असतो. तोपर्यंत हाताला आधार देऊन ठेवा, आणि दहा ते चौदा दिवसांनी अस्थिरोगतज्ज्ञांकडून पुन्हा तपासणी करून घ्या, मग तोवर तुम्ही गुहागरला परतला असलात तरीही.