थिएटरमध्ये पाहिलेला सिनेमा टीव्हीवर इतका कापलेला का असतो? हे कधीपासून सुरू झालं?

बरेच जण सगळा दोष सेन्सॉर बोर्डाला देतात, पण बोर्डाची कात्री एकच. टीव्हीवर दुसरी कात्री वाहिनीची असते, आणि माझ्या मते तीच जास्त धारदार.

दूरदर्शन एकटं होतं तेव्हा कापाकापीपेक्षा सोपा मार्ग होता: नको ते लावायचंच नाही. आनंद पटवर्धनांना ‘फादर, सन अँड होली वॉर’ हा माहितीपट दूरदर्शनवर लागावा म्हणून सर्वोच्च न्यायालयापर्यंत झगडावं लागलं, निकाल आला २००६ मध्ये. उलट १९८८ मध्ये गोविंद निहलानींची फाळणीवरची मालिका ‘तमस’ दूरदर्शनने लावली, तर ती थांबवा म्हणून लोक कोर्टात गेले. मुंबई उच्च न्यायालयाच्या न्यायाधीशांनी सगळे भाग स्वतः बसून पाहिले आणि मालिका चालू राहिली.

खरी गडबड उपग्रह वाहिन्यांनंतरची. वाहिन्यांवर काय दाखवायचं याला नियम घालणारा १९९५ चा केबल कायदा होता, तरी ‘ए’ (फक्त प्रौढांसाठीचे) सिनेमे टीव्हीवर लागतच होते. मुंबईतल्या एका प्राध्यापिकेने त्याविरुद्ध जनहित याचिका केली. कोर्टाच्या आदेशानंतर ऑगस्ट २००६ मध्ये पोलिसांनी कारवाई सुरू केली, तशी केबलवाल्यांनी घाबरून चित्रपट वाहिन्याच बंद करून टाकल्या! तेव्हापासून ‘ए’ सिनेमा आहे तसा टीव्हीवर लागत नाही. निर्माता तो कापतो, पुन्हा बोर्डाकडे नेतो आणि ‘यूए’ (पालकांच्या मार्गदर्शनाखाली मुलांनाही चालणारं) प्रमाणपत्र मिळवतो.

बरं, एवढं करूनही भागतं असं नाही. ‘द डर्टी पिक्चर’ला पन्नासहून अधिक कट देऊन ‘यूए’ मिळालं होतं. २२ एप्रिल २०१२ च्या रविवारी दुपारी तो लागणार, जाहिराती झालेल्या. आयत्या वेळी माहिती व प्रसारण मंत्रालयाने सांगितलं, रात्री अकरानंतर दाखवा. वाहिनीने प्रक्षेपणच रद्द केलं. बोर्डाचा कागद हातात असून ही गत, मग वाहिनीने साध्या शिवीवरही बीप टाकला तर नवल काय? सबटायटलमधल्या फुल्या तर मला सिनेमापेक्षा करमणुकीच्या वाटतात.

सेन्सॉर बोर्ड ज्यावर चालतं त्या सिनेमॅटोग्राफ कायद्यातल्या २०२३ च्या दुरुस्तीने टीव्हीसाठी वेगळं प्रमाणपत्र द्यायची सोय थेट कायद्यातच केली आहे, म्हणजे कापलेली आवृत्ती आता कायमचीच.

आणि सिगारेट दिसली की खाली येणारी ती पट्टी? तिचा या दोन्ही कात्र्यांशी संबंध नाही. तो आरोग्य मंत्रालयाचा नियम आहे, थिएटरमध्येही ती असतेच.