चोरी जरा उशिरा येऊ दे

प्रिय मित्रा,

पटकथा वाचली. पहिल्याच पानावर तुझा नायक औषधाच्या दुकानाचं शटर उचकटतो आणि दुसऱ्या पानावर पोलीस मागे लागतात. वेग छान आहे. पण त्याच्यावर ही वेळ का आली, ते तू ‘घरात दाणा नाही’ एवढ्या एका संवादात उरकलंस.

जपानी दिग्दर्शक यासुजिरो ओझूचा १९३५चा ‘ॲन इन इन टोकियो’ हा चित्रपट बघ. मूकपट आहे, त्यामुळे असं बोलून सुटायची सोयच कमी. किहाची नावाचा बेकार माणूस दोन मुलांना घेऊन कारखान्यांच्या भागात काम शोधत फिरतो आणि सगळीकडून नकार घेऊन परततो. भटकं कुत्रं पकडून दिलं की बक्षीस मिळतं, म्हणून पोरं कुत्र्यांमागे धावतात. त्या पैशातून थोरला काय आणतो? टोपी! उपाशी माणूस पै-पै जपून वापरतो, ही आपली पांढरपेशी समजूत आहे. तुझा नायक तसाच वागतो, म्हणून मला तो पटला नाही. पुढे एकदा उरलेल्या पैशांत एक तर जेवण होणार किंवा रात्रीचा मुक्काम. तिघं जेवतात, आणि मग पाऊस येतो. माळावर बसून थोरला बापाला खोटीखोटी साके, म्हणजे तांदळाची दारू, ओतून देतो, तो प्रसंग तर दोनदा बघ.

चोरी येते शेवटाकडे, तीही किहाचीला काम मिळाल्यानंतर. त्याच्यासारखीच वणवण करणाऱ्या ओताकाची मुलगी आमांशाने आजारी पडते. किहाची आधी जुन्या ओळखीच्या ओत्सुनेकडे उसने मागतो. ती नाही म्हणते. मग तो चोरी करतो, पैसे पोचते करतो आणि स्वतःच पोलिसांकडे जायला निघतो.

ओत्सुने दुष्ट नाही बरं का. तिच्याच ओळखीने त्याला काम मिळालेलं असतं. तुझ्या पटकथेतला वाणी मात्र उधारी नाकारताना खलनायकासारखा हसतो. ते हसू आधी काढ.

पुढचा खर्डा लिहिण्याआधी नायकाचा आठवड्याचा हिशेब मांड: भाडं, उधारी, औषधं, आणि एखादा न शोभणारा खर्चही. कुणाकुणाकडे हात पसरला आणि कोण काय म्हणालं, तेही लिही. पाठलाग हवा तर ठेव, पण अर्ध्या पानात आटप. नवा खर्डा दिवाळीआधी आला तर सुट्टीत निवांत वाचेन.

तुझा,
काका